बंदुकीचं कपाळ

शिवप्पाच्या बंदुकीला गंज चढायचा, आणि तोही इतका निर्लज्ज, की रात्री तेल लावून उभी केलेली नळी आठ-पंधरा दिवसांत पुन्हा तांबूस! सोलापुरात एका बँकेच्या दारात तो राखणीला असायचा. बंदूक स्वतःची, परवाना स्वतःचा, त्या जोरावरच नोकरी लागलेली. आणि नवे मॅनेजरसाहेब आले ते नेमके डोळ्यांत तेल घालून बघणारे. त्यांनी नळीवरून बोट फिरवलं, तांबडं झालेलं बोट शिवप्पाच्या नाकासमोर धरलं आणि म्हणाले, "दसरा झाला की पुन्हा बघणार. हीच दशा दिसली तर दुसरा माणूस ठेवावा लागेल."

या वयात शिवप्पाला दुसरीकडे कोण उभं करणार? तो तडक हरिबाकडे गेला. हरिबा बंदुका दुरुस्त करायचा. तोंडाचा फटकळ, पण दोघांची दोस्ती जुनी.

"गंज धरू नये म्हणून त्या नळीला निळं पाणी मी चढवलंय, ह्या हातानं!" हरिबा उसळला. "माझं पाणी गंजत न्हाय. तुझा घामच खारट हाय."

"मग निकेलचा मुलामा दे की. कसला चकाकतोय!"

"बंदूक हाय का रुखवतातला तांब्या? उन्हात डोळं दिपवतोय, आणि एकदा पापुद्रा सुटला की गंज आतल्या आत पळतोय. कळतबी न्हाय."

"बरं, फौजेतल्या बंदुकीवर असतो तो राखी लेप?"

"तो चांगला. तेल पिऊन धरून ठेवतोय. पण रूप बघ की त्याचं! चुलीवरचा तवा बरा."

दोघं असे भांडले, की चहा निवून गेला. शेवटी हरिबानं एका मोडक्या नळीचे तीन तुकडे कापले. एकाला निळं पाणी, एकाला निकेल, एकाला राखी लेप दिला. "घरी ने. बंदुकीशेजारी ठेव. रोज हात लाव, रोज तेल लाव. जो टिकंल तोच चढवू. मग माझ्या नावानं खडे फोडू नको!"

घरी बायकोनं, चंद्रव्वानं, ते तुकडे उलटेपालटे करून बघितले. ती माहेरची सीमेवरच्या मैंदर्गीची. निम्मं कानडी, निम्मं मराठी बोलायची. "एन री हे? काय आणलंय?"

"बंदुकीची पिल्लं," शिवप्पा हसत म्हणाला आणि कोनाड्यात ठेवून मोकळा झाला.

आठवड्यानं तुकडे हरिबापुढे ठेवले, तर तो बघतच राहिला. निळा तांबूस झालेला, निकेल धुरकटलेलं, राखी लेपावरही डाग. तिघांवर आडवे तीन पट्टे, सारखेच. हरिबानं तुकडा उचलून शिवप्पाच्या कपाळाशी नेला. तिथंही भस्माचे तीन पट्टे.

"शिवप्पा," तो हळूच म्हणाला, "घाम असं पट्टं ओढत न्हाय गड्या. घरात बघ."

दुसऱ्या दिवशी सकाळी शिवप्पा हातावर इष्टलिंग घेऊन पूजेला बसला खरा, पण एक डोळा किलकिला ठेवून. देवा, माफ कर! चंद्रव्वा आली. ओल्या फडक्यानं तिनं नळीवरचं तेल पुसून काढलं. तेलकट अंगावर भस्म बसत नाही ना! मग भिजल्या भस्मात तीन बोटं बुडवून नळीवर ओढली. मग तिन्ही पिल्लांवर ओढली. थोड्या वेळानं बँकेतली माणसं हसतील म्हणून सगळं पदरानं पुसूनही टाकलं.

शिवप्पाचं डोकं फिरलं. माझी नोकरी जायची वेळ आली, आणि ही बाई रोज उठून... तो ओरडणारच होता, तेवढ्यात ती बंदुकीला समजावताना ऐकू आली.

"आजबी गप ऱ्हा गं बाई. ह्येंच्यावर कुणी येऊ नये, आन तू कुणावर जाऊ नये. समोरचाबी कुणाच्या तरी घरचाच असतोय की."

त्याचा राग कुठल्या कुठे गेला. पूजा आटोपून तो तिच्याजवळ गेला.

"चंद्रव्वा, चुकीच्या जागी लावतीस की."

"अय्यो! मग कुटं लावायचं?"

"बंदुकीचं कपाळ लाकडात असतं. हितं, दस्त्यावर. लोखंड म्हंजी तिचं तोंड."

"शिव शिव! म्हंजी इतकी वर्सं मी तोंडाला भस्म फासत हुते?"

"म्हणून तर गप बसली बिचारी."

हरिबानं नळीवर पुन्हा निळंच पाणी चढवलं आणि "मी म्हणलं न्हवतं?" असं येणाऱ्या-जाणाऱ्याला ऐकवत राहिला.

दसरा झाला. साहेबांनी नळीवरून बोट फिरवलं, बोट कोरं. पुन्हा फिरवलं, पुन्हा कोरं. मग त्यांची नजर दस्त्यावर गेली. तिथं पांढरेशुभ्र तीन पट्टे होते. चंद्रव्वा आता ते पुसत नव्हती.

"हे काय?" पुसायला त्यांनी अंगठा पुढं केला.

"साहेब, तेवढं ऱ्हाऊ द्या," शिवप्पा म्हणाला. "आमच्या घरातल्यांचा हात हाय."

साहेबांनी त्याच्या कपाळाकडे पाहिलं, दस्त्याकडे पाहिलं, आणि अंगठा मागं घेतला. "राहू दे. जा, दारात उभा राहा."

शिवप्पा दारात जाऊन उभा राहिला. त्या दिवशीही बंदूक गपच राहिली.