काळसुई

शिवणाच्या धंद्यातल्या प्रत्येकाने काळसुईबद्दल ऐकलेलं असतं, आणि पाहिली म्हणणारा मात्र एकही सापडत नाही. फाटलेल्या कापडाबरोबर फाटलेला दिवसही सांधते म्हणे. रफूवाली ताई तर सरळ हसायची. ज्यांच्याकडे ती रफू शिकली त्या मास्तरांनी शेवटच्या दुखण्यात एक काळपट सुई तिच्या हातावर ठेवली आणि "हीच ती" म्हणाले, तेव्हाही तिने तोंडदेखलं "बरं" म्हटलं आणि सुई बटणांच्या डबीत टाकून दिली. आजारी माणसाशी वाद कशाला घालायचा?

आज तीच डबी तिने टेबलावर पालथी केली.

झालं होतं असं. ताईचा भाऊ शिंपी. पन्नाशी उलटली तरी सगळे त्याला धाकटाच म्हणत. दोघांचं दुकान एक, टेबल एक, भांडणंही तीच ती. दुकानाची पाटी वाकडी झाली होती आणि ताईने आठ दिवस त्याचं डोकं खाल्लं होतं. सकाळी तो वैतागून शिडीवर चढला. शिडी सरकली, खांदा खिळ्यात अडकून शर्ट टर्रकन फाटला आणि धाकटा पायरीवर डोक्यावर आपटला. डॉक्टर अकरा वाजता म्हणाले, "संध्याकाळपर्यंत काढतील असं वाटत नाही. जवळच्या लोकांना बोलावून घ्या."

"जवळची मीच," ताई म्हणाली.

नर्सने शर्टाची पिशवी तिच्या हातात दिली, आणि तीस वर्षं न मानलेली गोष्ट मानून ती तडक दुकानात आली. तुम्ही-आम्ही तरी दुसरं काय केलं असतं?

मास्तरांचे शब्द तिला लख्ख आठवले. त्या अपघातात फाटलेलंच कापड पाहिजे. धागा त्याच कापडाचा पाहिजे. आणि काम असं झालं पाहिजे की करणाऱ्याच्या बोटालाही रफूची जागा सापडू नये. "पण पोरी, धागा फुकट येत नाही," मास्तर म्हणाले होते. "कापड ज्याने अंगावर घातलं, त्याचे गेलेले दिवस त्या धाग्यात असतात. ओढलास की ते त्याच्याजवळ राहत नाहीत."

रफू करणारा धागा घेतो तो आतल्या शिवणीतून, जिथे कोणाची नजर जात नाही तिथून. ताईने शर्टाची शिवण उलटली, सुईचं टोक लावलं आणि थांबली. हे दिवस धाकट्याचे. तो उठून बसायचा आणि आतून रिकामा असायचा. पाटीसाठी मागे लागले मी, आणि दिवस घालवायचे त्याने? ते काही जमायचं नाही.

मग तिची नजर स्वतःच्या अंगावर गेली. निळी चौकडी! शर्टावर निळी चौकडी, कुर्त्यावरही तीच. धाकट्याने कंजूषपणा करून एकाच ताग्यातून दोघांचं शिवलं होतं आणि ती म्हणाली होती, "बँडवाले दिसू आपण." एका ताग्यातलं कापड म्हणजे तेच कापड. हे मास्तरांनी सांगितलं नव्हतं, पण रफूवाल्याला ते सांगावं लागत नाही.

तिने अंगावरच्या कुर्त्याचा घेर उलटला आणि पहिला धागा ओढला.

धाग्याबरोबर एक दुपार आली. आई गच्चीवर चादरी झटकतेय, साबणाचा वास, ऊन. ताई नुसती बघत राहिली. किती सुंदर होती ती दुपार, आणि इतकी वर्षं तिने ती उघडूनही पाहिली नव्हती! धागा शर्टात गेला, आणि दुपार गेली. आपण आत्ता कशासाठी डोळे पुसले हे तिला कळेना. तिने दुसरा धागा ओढला.

एक खाली, एक वर. आधी उभे धागे, मग आडवे. निळ्यावर निळा, पांढऱ्यावर पांढरा. किती ओढले ते तिने मोजलं नाही. मोजलं असतं तर हात थांबला असता.

फट करंगळीएवढी उरली तेव्हा समोरच्या लाँड्रीची वाफ छतावरून खाली येऊन इस्त्रीत शिरली. फरशीवरचा उन्हाचा चौकोनी तुकडा सरकत सरकत टेबलावर चढला, तिथून भिंतीवर, भिंतीवरून खिडकीत. रस्त्यावरची माणसं शांतपणे, पाठीमागे पाय टाकत, आपापल्या घरात परत गेली. ताईच्या अंगावर सर्रकन काटा आला. एवढं सगळं जग एका सुईच्या मागे चाललं होतं आणि कुठे जराही आवाज नव्हता. ती भ्यायली. पण हात चालू ठेवला.

शेवटचा धागा बसला आणि तिच्या हातातला शर्ट नाहीसा झाला.

बाहेर शिडी कुरकुरली. ताई उंबऱ्यापर्यंत कशी गेली ते तिलाच ठाऊक.

"खाली उतर."

"आता काय?" धाकटा वरून म्हणाला. "आठ दिवस जीव खाल्लास ना पाटीसाठी?"

"वाकडी राहू दे. तू उतर."

तो बडबडत उतरला. ताईने त्याच्या खांद्यावरून बोट फिरवलं, पुन्हा फिरवलं. कापड सलग होतं. मग ती तिथेच पायरीवर बसली.

धाकटा घाबरून शेजारी टेकला. "शिडी बघून पांढरी पडलीस होय? त्या गोदामाच्या छपरापासून तुझं हे असंच."

"कुठलं छप्पर?"

"चेष्टा करतेस? मी पतंगामागे चढलो होतो, उतरता येईना. तू आठ वर्षांची. मला पाठीवर घेऊन पाइपावरून उतरलीस. दोन्ही गुडघे सोलले, पण हात सोडला नाहीस."

ताईने आठवून पाहिलं. तिथे काहीच नव्हतं, धुतलेल्या पाटीसारखं कोरं.

"नीट सांग ना," ती म्हणाली. "पहिल्यापासून."

धाकट्याने तिच्याकडे जरा विचित्र नजरेने पाहिलं, पण सांगितलं. छपराचा पत्रा किती तापला होता, खाली जमलेली पोरं काय ओरडत होती, उतरल्यावर तिने त्याला कसं आधी पोटाशी धरलं आणि मग बडवलं. ताई हनुवटीखाली हात धरून डोळे मोठे करून ऐकत होती.

त्याचं सांगून झालं.

"चांगली होती रे तुझी बहीण," ती म्हणाली.