कानाजवळचे केस

आठ महिने मी कात्री हातात धरली नव्हती. मावशीच्या पार्लरमध्ये एका बाईच्या कानाला माझी कात्री लागली, तीन टाके पडले, आणि त्या दिवसापासून कुणाच्या केसांपाशी गेलं की माझा हात थरथरायचा. मावशी एका शब्दानं बोलली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं. मी सॅक उचलली आणि मिळेल ते काम करत शहरोशहरी फिरत राहिले. कुठेच पंधरा दिवसांच्या वर टिकले नाही.

त्या सकाळी हॉस्टेलच्या बेसिनपाशी एक मुलगा दुधाच्या पिशव्या फोडायच्या कात्रीनं स्वतःचे केस कापत होता. कापत कसला, कुरतडत होता. दहा वाजता व्हिडिओ कॉलवर त्याची मुलाखत होती, जहाजावर स्वयंपाक्याच्या नोकरीसाठी. माझी बस साडेनऊची. गपचूप निघून जायला हवं होतं, पण असलं काम बघून माझं डोकं फिरतं. त्याला खुर्चीत बसवलं, गळ्याभोवती टॉवेल गुंडाळला आणि सॅकच्या तळाशी मोज्यात खुपसून ठेवलेली माझी कात्री काढली.

मागची बाजू झाली. कानापाशी आले आणि कात्री पुढे सरकेना. मी त्याला खरं काय ते सांगून टाकलं. वाटलं, आता हा उठून पळणार.

त्यानं डाव्या हाताचं बोट पुढे केलं. पेरावर आडवा, जाड व्रण होता. सुरी लागून सात टाके पडले होते म्हणे.

"मग भीती कधी गेली?" मी विचारलं.

"गेलीच नाही. कांदे मात्र दुसऱ्या दिवशी चिरले."

त्यानं तेच बोट कानावर ठेवून कान खाली दुमडला. "काप. लागलंच तर आधी बोटाला लागेल. त्याला सवय आहे."

मला हसू आलं. हसता हसता एक बट उतरली, मग दुसरी. दुसऱ्या कानावर तो बोट ठेवायला गेला, तेव्हा मी ते बाजूला सारलं.

नऊ पंचवीसला मी धावत सुटले. नाव विचारायचं राहिलं, नंबरही. त्याला नोकरी मिळाली का, हे मला कधीच कळणार नाही आणि त्याचं वाईट वाटतंच. पण दोन्ही बाजू अगदी सारख्या झाल्या होत्या, एवढं मी छातीठोकपणे सांगते.

बस सुटल्यावर मावशीला फोन लावला. "माझी खुर्ची रिकामी आहे का गं?"

पलीकडे ड्रायरचा आवाज येत होता. तो बंद झाला.

"रिकामी कशी असेल? तिथे नवी मुलगी काम करतेय," मावशी म्हणाली. "दुसरी खुर्ची मागवते. कधी येतेस?"