तिसरा चौकोन

कोचनी कपाटाच्या दाराला गुडघा लावला, मूठ वर उचलली आणि मगच ओढली. सत्तावीस वर्षं ते दार असंच उघडत होतं. सरळ ओढलं की रुसून बसायचं.

"एवढं मला शिकवून जा," मागून जिराफ म्हणाली. "बाकीचं मी निभावते."

जिराफ म्हणजे त्यांची एकेकाळची सेंटर, सहा फुटांना एक बोट कमी. उद्यापासून कॉलेजच्या मुलींच्या बास्केटबॉल संघाची कोच तीच. नाव त्यांनीच पहिल्या दिवशी ठेवलं होतं आणि तिनं ते बिनतक्रार वागवलं होतं. गळ्यातली शिट्टी त्यांनी सकाळीच तिला देऊन टाकली होती. दोनदा उकळलेल्या पाण्यात धुऊन. तरी तिनं ती अजून ओठांना लावली नव्हती, नुसती मुठीत धरून फिरत होती.

कपाटातून दोन फुटके बॉल निघाले, गुडघ्याचे पट्टे, पंपाच्या सुया ठेवलेली औषधाची बाटली आणि कडक होऊन टोपलीसारखं उभं राहणारं एक जुनं नेट. खालच्या दोन फळ्यांवर मात्र फक्त कागद होते. गुलाबी आणि पिवळे. मॅच संपली की स्कोअरशीटचा मूळ पांढरा कागद आयोजकांकडे जातो, खालची कार्बनची गुलाबी प्रत जिंकणाऱ्या संघाला मिळते आणि पिवळी हरणाऱ्याला. त्यामुळे कोचच्या अख्ख्या कारकिर्दीला दोनच रंग होते.

"किती आहेत?" जिराफनं विचारलं.

"तीनशे अठरा गुलाबी. दोनशे एक्याण्णव पिवळे."

तिनं मनातल्या मनात वजाबाकी केली. "सत्तावीस जास्त. म्हणजे वर्षाला एक. एवढ्यासाठी घसा फोडलात, सर?"

"तू होतीस ती तीन वर्षं धरली नाहीत, तर वर्षाला दोन पडतात."

ती मोठ्यानं हसली. तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. ताई होती. त्यांची थोरली बहीण, जिच्या घराचा वरचा मजला त्यांच्यासाठी झाडूनपुसून तयार होता. ताई फोनवर इतक्या जोरात बोलायची की फोन निव्वळ निमित्ताला असायचा.

"साडेचारची गाडी आहे, लक्षात आहे ना? चादरी आणू नकोस, भांडी आणू नकोस. आणि तो कागदांचा पसारा आणलास तर दारातून परत पाठवीन."

"पुढच्या आठवड्यात आलो तर?"

"का? तिथं कोण बसलंय तुझं आता?"

कोचनी फळीवरची धूळ बोटानं पुसली. बोट पाहिलं, पँटला पुसलं.

"कोणी नाही," ते म्हणाले. "येतो."

जिराफ पाठ करून खिडकी बंद करत होती. खिडकी आधीपासून बंदच होती.

त्यांनी फोन ठेवला. मग ती जमिनीवर बसली, लांबलचक पाय कपाटाच्या दोन्ही बाजूंना पसरले आणि पिवळ्या गठ्ठ्यातून शोधशोधून एक कागद उपसला.

"आज विचारते, सर. उद्या तुम्ही नसाल." कागद तिनं मांडीवर सपाट केला. "सेमीफायनल. आपलाच हॉल. एका पॉइंटनं मागे, अकरा सेकंद शिल्लक, बॉल माझ्या हातात. तुमच्याकडे टाइमआउट होता. का नाही मागितलात?"

हा प्रश्न चौदा वर्षांत प्राचार्यांपासून न्हाव्यापर्यंत सगळ्यांनी विचारून झाला होता. फक्त तिनं विचारला नव्हता. तो शेवटचा वेडावाकडा शॉट तिनंच मारला होता.

"याहून वाईट वेळ आली असती तर? हातचा एक असू द्यावा."

"मॅच संपत होती हो! आणि ओव्हरटाइमला नवा मिळतो. उरलेला पुढे नेता येत नाही."

"ठाऊक आहे."

त्यांना खरंच ठाऊक होतं. दुसऱ्या हाफमध्ये एकेका मिनिटाचे तीन टाइमआउट मिळायचे. कोच दोन घ्यायचे आणि तिसरा जपून ठेवायचे, घरात एखादी चांगली कपबशी पाहुण्यांसाठी जपतात तसा. पाहुणे येऊन जायचे, कपबशी कपाटातच राहायची.

जिराफ कागदावर वाकली. कपाळाला आठी पडली.

"सर, इथं चूक आहे."

"कुठं?"

"तुमच्या तिसऱ्या टाइमआउटचा चौकोन नुसताच मोकळा आहे. वापरला तर त्यात मिनिट लिहितात. नाही वापरला तर हाफ संपल्यावर दोन आडव्या रेघा मारतात, मागाहून कुणी काही भरू नये म्हणून. इथं काहीच नाही." तिनं खालची सही वाचली. "आणि लिहिणाऱ्या ग्रंथपालबाई?"

"मग चूक नाही ती. नीट बघ."

कॉलेजच्या ग्रंथपालबाई चोवीस वर्षं घरच्या प्रत्येक मॅचला टेबलावर बसून स्कोअरशीट लिहीत होत्या. पुस्तकाच्या पानाचा कोपरा मुडपलेला दिसला म्हणून एकदा प्राचार्यांना त्यांनी पाच मिनिटं उभं ठेवलं होतं. त्यांच्या हातून रेघ राहून जाणं म्हणजे हॉलचं छप्पर राहून जाण्यासारखं होतं.

कोच चष्मा लावून खाली बसले. गुडघे कुरकुरले. खरंच, प्रतिस्पर्ध्यांच्या न वापरलेल्या चौकोनांत पट्टीनं मारल्यासारख्या दोन-दोन रेघा होत्या. त्यांच्या स्वतःच्या पहिल्या हाफमध्येही होत्या. तो एकच चौकोन उघडा होता.

त्यांनी दुसरा कागद ओढला. गुलाबी. उघडा. तिसरा बाहेरगावच्या मॅचचा होता, लिहिणारा दुसराच कोणी. तिथं जाड्याभरड्या का होईना, रेघा होत्या. चौथा घरचा. उघडा. मग ते गठ्ठेच्या गठ्ठे उलगडू लागले आणि जिराफ न सांगता घरचे एका बाजूला, बाहेरचे दुसऱ्या बाजूला लावू लागली.

"घरचे, बाईंच्या हातचे सगळे," शेवटी ती म्हणाली. आवाज खाली आला होता. "सर, त्या बोलायच्या का कधी तुमच्याशी?"

"टेबलावर काय बोलणार? मॅचआधी सही घ्यायच्या. पेनाचं टोपण काढून, निब स्वतःकडे ठेवून पुढे करायच्या. संपल्यावर, 'सर, तुमची प्रत.' मी म्हणायचो, आभारी आहे."

"बस्स?"

"आणि दुसरा टाइमआउट मागायला गेलो की सांगायच्या, 'अजून एक आहे, सर.' ते काय, नियमानं सांगावंच लागतं."

जिराफनं मान वर केली. "नाही लागत. संपले की कळवतात. उरलाय म्हणून कुणी सांगत नाही. मी एवढ्या टेबलांवर गेलेय, मला कोणी सांगितलेलं नाही."

"त्या सांगायच्या."

"तुम्हाला," जिराफ म्हणाली आणि उठली. "मी जरा बॉलमध्ये हवा भरते."

सगळे बॉल तिनं सकाळीच भरून ठेवले होते. ती बाहेर गेली, आणि हॉलमधून बॉल आपटण्याचा संथ आवाज येऊ लागला.

कोच कागदांच्या मधोमध बसून राहिले. एका मॅचला वीज गेली होती. वीस मिनिटं हॉलमध्ये नुसता कल्ला. ते चाचपडत टेबलाशी जाऊन उभे राहिले होते आणि बाईंनी स्कोअरशीटवर तळवा ठेवून ते राखलं होतं. "अंधारात तुम्ही काय करता, सर?" बाईंनी विचारलं होतं. "वाट बघतो," असं ते म्हणाले. त्यापुढचं वाक्य जुळवता जुळवता दिवे आले. आठ वर्षं झाली. वाक्य तयार होतं. काही शब्द तर दोनदा बदलूनही झाले होते.

त्यांनी घड्याळ पाहिलं. बारा वाजून दहा. सेमीफायनलचा पिवळा कागद तेवढा घडी न घालता हातात घेतला आणि हॉल ओलांडून निघाले. जिराफनं त्यांच्याकडे अजिबात पाहिलं नाही. इतकं नीट न पाहणं तिला कोर्टवर कधी जमलं नव्हतं.

ग्रंथालयात कोपऱ्यात दोन मुली डोकी घालून वाचत होत्या. बाई काउंटरमागे पुस्तकांवर तारखांचे शिक्के मारत होत्या. त्यांनी वर पाहिलं, शिक्का पॅडवर ठेवला.

"आज निघालात ना, सर?"

"साडेचारला." त्यांनी कागद काउंटरवर ठेवला. "यात एक चूक आहे, म्हणतात."

"कोण म्हणतं?"

"नवी कोच."

"हुशार आहे." बाईंनी चष्मा नाकावर घेतला. कागद वाचायची गरज नसावी, कारण नजर सरळ त्या चौकोनावरच गेली. "चूक नाही. मूळ कागदावर रेघा मारल्यात, नियम आहे. तुमची प्रत मी त्या रेघांआधी फाडून घ्यायचे."

"दरवेळी?"

"दरवेळी."

कोचनी तोंड उघडलं. आठ वर्षं घोटलेलं वाक्य पहिल्याच शब्दाला अडलं. कोपऱ्यातल्या एका मुलीनं पान उलटलं, तो आवाजसुद्धा मोठा वाटला. मग आपल्याला येत होतं तेच त्यांनी केलं. डावा तळवा आडवा धरला आणि उजव्या हाताचं बोट खालून त्याला टेकवलं, टाइमआउट मागतात तसं.

बाईंनी त्या हातांकडे पाहिलं. खूण अगदी नियमाप्रमाणे होती. त्यांनी निळं पेन उचललं, टोपण काढलं, भिंतीवरच्या घड्याळाकडे एकदा पाहून तिसऱ्या चौकोनात मिनिट लिहिलं. मग काउंटरची फळी वर उचलली आणि आतली खुर्ची त्यांच्याकडे सरकवली.

"एकच मिनिट मिळतं, सर," त्या म्हणाल्या. "पन्नासाव्या सेकंदाला शिट्टी होते."

कोचचा हात सवयीनं गळ्याशी गेला.

"शिट्टी देऊन आलोय," ते म्हणाले आणि बसले.