कोरा मेची पहिली गाणी आणि हाजराबींचा निरोप

मी एक जुनी कॅसेट आहे, मित्रांनो, आणि माझी गोष्ट मान वर करून सांगण्यासारखी नाही. तरी सांगते, कारण ती पूर्ण माझ्याशिवाय कोणालाच ठाऊक नाही.

तुमच्यापैकी अनेकांनी कॅसेट पाहिली नसेल. तळहाताएवढी प्लॅस्टिकची डबी, आत दोन चाकं आणि त्यांवर गुंडाळलेली तपकिरी फीत. त्या फितीवर आवाज राहतो. माझ्या फितीवर कोरा मे टॅलबर्ट नावाच्या अमेरिकन गायिकेचा आवाज होता. तिच्या गाण्याला सोल म्हणतात. चर्चमध्ये पोटातून गाणाऱ्या कृष्णवर्णीय लोकांनी घडवलेला तो गाण्याचा प्रकार. मी तिचा पहिला अल्बम. एका बाजूला पाच गाणी, दुसऱ्या बाजूला पाच. मुखपृष्ठावर ती पिवळा कोट घालून, थोडी घाबरल्यासारखी उभी होती. पहिलाच अल्बम होता ना तिचा.

सौदी अरेबियातल्या हुफूफ शहरात मला एका अमेरिकन इंजिनियरने आणलं. मायदेशी परतताना त्याने आपल्या बांधकाम कंपनीच्या स्टोअरकीपरला, हुसेनमियाँना, कॅसेटींचा एक खोका दिला. हुसेनमियाँ मूळचे बाणकोटच्या खाडीकाठचे. एकवीस वर्षं हुफूफमध्ये होते. त्यांची तेरा वर्षांची मुलगी रुमाना हिने खोक्यातून मलाच उचललं. शाळेतून आली की ती मला लावायची. तिसऱ्या गाण्याआधी कोरा मे जो मोठा श्वास घेते, तो रुमानाही तिच्याबरोबर घ्यायची. मला वाटायचं, या घरात माझ्याएवढं मोलाचं काहीच नाही.

त्याच कपाटात दुसऱ्या कॅसेटी होत्या. फोन महाग, पत्र लिहायला वेळ लागे, म्हणून आमच्या घरी बोलून निरोप पाठवत. गावाकडचा कोणी रजेवर निघाला की त्याच्या हाती कॅसेट द्यायची. तिकडच्यांनी ती ऐकून, त्यावरच उत्तर बोलून परत पाठवायची. त्या कॅसेटींत खोकला असे, कोंबड्या असत, कोणाच्या लग्नाच्या बातम्या असत. मी त्यांना हलकं समजत असे. हा माझा पहिला अपराध.

मग ती वर्षं आली. परदेशी माणसं कमी करून देशातल्या तरुणांना नोकऱ्या द्यायच्या, असं सरकारने ठरवलं. त्याला सौदीकरण म्हणत. त्यात त्या तरुणांची काही चूक नव्हती. त्यांचाच देश होता. पण एक दिवस हुसेनमियाँना कंपनीचं पत्र मिळालं. महिन्याभरात स्टोअरच्या किल्ल्या सोपवून कायमचं परत जायचं.

चौथ्या दिवशी सकाळी कोकणातल्या शेजारच्या गावचे मुस्तफा निरोप घ्यायला आले. संध्याकाळी ते रजेवर निघणार होते, कॅसेट न्यायला दुपारी पुन्हा येतो म्हणून गेले. हुसेनमियाँच्या आईसाठी, हाजराबींसाठी, कॅसेट द्यायला हवी होती आणि घरात रिकामी एकही नव्हती. रुमाना शाळेत होती. हुसेनमियाँनी मला उचललं. छापील कॅसेट पुसली जाऊ नये म्हणून तिच्या कडेला दोन खाचा असतात. त्यांत कागदाचे बोळे कोंबले की तिच्यावर पुन्हा बोलता येतं. त्यांनी तसंच केलं आणि टेपरेकॉर्डरची दोन बटणं दाबली.

"मां, मी मजेत आहे," ते बोलू लागले. "कंपनी मला सोडायला तयार नाही. म्हणतात, हुसेन, तू गेलास तर स्टोअर कोण बघणार. अजून दोन वर्षं तरी राहावं लागेल."

एकेका शब्दासरशी कोरा मे पुसली जात होती. मित्रांनो, मला इतका राग आला, की मी मनात म्हटलं, माझी गाणी पुसून हा माणूस खोटं बोलतोय. पकडला जाऊ दे.

ते "खुदा हाफिज" म्हणाले आणि त्याच क्षणी दुपारची अजान सुरू झाली. अजान ऐकू आली की टेपचा आवाज शून्यावर न्यायचा, ही त्यांची वर्षानुवर्षांची सवय. हात आपोआप तिकडे गेला. त्यांनी आवाजाचं बटण फिरवलं आणि टेप बंद झाला असं त्यांना वाटलं. पण त्या बटणाचा रेकॉर्डिंगशी काही संबंध नव्हता. माझी चाकं फिरतच राहिली. अजान संपली आणि त्यांची पत्नी सकिना बोलली.

"कंपनी सोडायला तयार नाही म्हणे. कंपनीने तर पत्र देऊन मोकळं केलं."

"हळू बोल."

"का? फ्रिज ऐकतोय?"

"सकिना, गावात तोंड कसं दाखवू? एकवीस वर्षांनी काढला म्हणजे काहीतरी केलं असेल, असंच म्हणतील लोक. मांला कळलं तर ती बाहेर पडायची नाही."

"मग दोन वर्षं काय वाळवंटात लपून बसणार?"

"बघतो काम ताइफला, तबूकला. दुसरा कफील मिळाला, कोणी मालक कामावर ठेवायला तयार झाला तर..." त्यांनी वाक्य अर्धंच सोडलं. मी ते अर्धं वाक्यही जपून ठेवलं.

ते नमाजला गेले. फीत संपली तसं बटण आपोआप वर आलं. परत आल्यावर त्यांनी मला न ऐकताच मुस्तफांच्या हाती दिलं.

गावी हाजराबींना टेप लावायला शेजारची अख्तरी आली. मुलाचा निरोप ऐकून म्हातारी खूश झाली. मग अजान लागली. हाजराबींनी डोक्यावर ओढणी घेतली.

"बघ अख्तरी, माझ्या पोराने तिकडची अजान पाठवली."

अजान होईपर्यंत दोघी गप्प बसल्या. म्हणून तर कोणी मला बंद केलं नाही. पुढचं सगळं त्यांनी ऐकलं. मी ज्याची वाट पाहत होते ते घडलं, आणि हाजराबींचा चेहरा पाहून मला माझ्या फितीतच गुरफटून मरावंसं वाटलं.

त्यांनी ओढणी पुन्हा सारखी केली. मग म्हणाल्या, "अख्तरी, तू काही ऐकलं नाहीस."

"काय ऐकलं नाही चाची?"

"शहाणी आहेस. आता उलट बाजू लाव."

आणि त्या माझ्यावर बोलल्या. "हुसेन, तुझ्या कंपनीला सांग, आईला माझी गरज आहे म्हणून. माझे गुडघे गेले. विहिरीचा रहाट मोडलाय, नारळ उतरवणारा येत नाही. दोन वर्षं थांबणं माझ्याच्यानं व्हायचं नाही. कंपनी रडली तरी चालेल. तू ये." गुडघ्यांचं अर्धंच खरं होतं. बोलून होताच त्या रहाट बघायला तुरुतुरु चालत गेल्या.

गावाकडून परतणाऱ्या एकाच्या हाती मी हुफूफला परतले. निरोप ऐकून हुसेनमियाँ कंपनीचं पत्र आल्यापासून प्रथमच हसले. "बघ, मांनेच बोलावलं. तिला काही कळलं नाही."

तेवढ्यात दुसऱ्या बाजूला तरी गाणी असतील म्हणून रुमानाने मला उलटवून लावलं. गाण्यांऐवजी तिला अजान ऐकू आली, मग अम्मीचा आवाज.

"अब्बा, ये तो आप लोगों की बातें हैं. आणि माझी गाणी?"

हुसेनमियाँ जागेवरच बसले. सकिना हळूच म्हणाली, "मांनी ऐकलंय. सगळं." हुसेनमियाँनी मुलीला जवळ घेतलं. "तुझी गाणी मी पुसली, बेटा. विचारलंही नाही." रुमाना रडली. त्यांनी तोंड फिरवलं.

पुढच्या महिन्यात ते कायमचे गावी आले. मी रुमानाच्या पिशवीत होते. दारात माणसं जमली होती. कोणीतरी विचारलंच, "काय हुसेन, एकदम कायमचा? काढलं की काय?"

"मी बोलावला म्हणून आला," हाजराबी म्हणाल्या. "कंपनी सोडत नव्हती."

"माझ्यासमोरच बोलावलं," अख्तरी म्हणाली.

हुसेनमियाँ आईचा हात डोळ्यांना लावायला वाकले आणि बराच वेळ वर आले नाहीत.

मित्रांनो, कोणाचा आवाज पुसण्याआधी त्या आवाजावर जीव लावणाऱ्याला विचारा. घरात जुनी कॅसेट सापडली तर फेकण्याआधी शेवटपर्यंत ऐका. आणि कोणाचं झाकलेलं काही तुमच्या कानी पडलं, तर हाजराबींसारखं वागा. मी त्या माणसाच्या फजितीची वाट पाहत बसले होते. त्याची लाज मला अजून वाटते.