उर्मट उत्तरांचा जनक

तीन माणसे एका पडद्याकडे पाहत होती आणि कोणीही बोलत नव्हते. हडपसरच्या त्या काचेच्या इमारतीत शांतता एसीबरोबर भाड्यातच मिळते. पण ही तशी नव्हती. ही तुंबलेली होती, नळाला पाणी येण्याआधी पाइपात कोंडलेल्या हवेसारखी.

आम्रपाली रणपिसे माऊस धरून बसली होती. तिच्या मागे तिचा धाकटा भाऊ प्रज्ञेश, रेकॉर्डिंग चालू असलेला फोन पुढे करून, श्वास रोखून उभा होता. कॉम्प्युटरवरच्या नव्या खेळाची निर्माती वल्लरी मधूनमधून दोघांकडे आळीपाळीने पाहत होती.

आम्रपालीने पडद्यावरच्या नायकाला विहिरीत छत्री टाकायला लावली. ‘हे करता येत नाही,’ अशी अक्षरे उमटली. ते तात्पुरते वाक्य होते. खरे वाक्य आम्रपालीच्या तोंडून पडायचे होते, आणि ते पडत नव्हते.

कॉम्प्युटरवरच्या साहसी खेळांच्या जगात प्रज्ञेशला संत मानतात. त्याचा पहिला खेळ ‘पत्ता’: एक माणूस पुण्यात एक घर शोधतो, वस्तू उचलतो, कोडी सोडवतो, इतकेच. कोडी सामान्य होती. पण खेळाडू चुकला, की खेळ त्याचा अपमान करी. बंद शटर वाजवले, की उत्तर येई: ‘दुकान बंद आहे हे शटरला माहीत आहे. तुम्हालाच कळवायचं राहिलं.’ अनोळखी कुत्र्याला कुरवाळले, की: ‘आधी नाव तरी विचारा.’ लोक मुद्दाम चुकू लागले. पोलंडपासून जपानपर्यंतचे खेळ उर्मट झाले. कुठल्याशा विद्यापीठात त्या उर्मटपणावर प्रबंधही झाला. तो मात्र फार नम्र होता.

प्रज्ञेशची कार्यपद्धती साधी होती. अर्धवट खेळासमोर तो ताईला बसवी आणि स्वतः तोंड मिटून उभा राही. चाचणी चालू असताना रचनाकाराने बोलायचे नाही, हा त्याचा धर्म. ती वैतागून जे बोले, ते खेळात जाई. ताई सदाशिव पेठेतल्या एका दातांच्या दवाखान्यात रिसेप्शनला बसे. ज्याचा जबडा बधिर केला आहे, त्याला उलट उत्तर देता येत नाही. अशा श्रोत्यांपुढे तिची भाषा घडली होती.

गेल्या महिन्यात एका मुलाखतीत त्याला विचारले गेले, ही वाक्ये येतात कुठून? प्रज्ञेशने दूरवर, बहुधा पर्वतीकडे, पाहिले आणि तो म्हणाला, “या शहराच्या सामूहिक नेणिवेतून.” आम्रपालीने ते दवाखान्याच्या टीव्हीवर पाहिले. रूट कॅनलसाठी आलेल्या एका गृहस्थांनी हसायचा प्रयत्न केला, असे कळते.

तर आज नेणीव गप्प होती.

“ताई,” प्रज्ञेशने अखेर धर्म मोडला, “विहिरीत छत्री टाकलीस. काही वाटलं नाही?”

“छान वाटलं.”

“छान?”

“रंग छान आहेत. विहीरही छान आहे.”

वल्लरी दचकली. “सर, सगळीकडे अजून ‘हे करता येत नाही’च आहे. सोमवारी पब्लिशर बघणार. असाच गेला, तर गेम बंद.”

“येईल, येईल. ताई, दमलीस का? चहा सांगू?”

“नको. नेणिवेला चहा सोसत नाही.”

“हे! हे घेऊ या!” प्रज्ञेशने फोन तिच्या हनुवटीपर्यंत नेला. “पुन्हा म्हण.”

वल्लरीने खुर्ची पुढे ओढली. “एक मिनिट. ‘पत्ता’मधली वाक्यं यांची आहेत?”

“यांची म्हणजे... स्फुरण अनेक दिशांनी येतं—”

“शटरचं?”

“माझं,” आम्रपाली म्हणाली. “कुत्र्याचंही. एक त्याचं आहे. ‘अरेरे, पुन्हा प्रयत्न करा.’”

“विशेष आभारांत नाव आहे तिचं.”

“आहे की. मांजराच्या खाली.”

“त्या मांजराने सोबत केली होती, ताई!”

“गप्प बसून वरचा नंबर मिळाला त्याला. म्हणून म्हटलं, आज आपणही गप्प बसून बघावं.”

वल्लरीला हसू आवरले नाही; सोमवार आठवताच ते आवरले. “मॅडम, नवा गेम रीतसर लिहाल? ‘संवाद: आम्रपाली रणपिसे.’”

“लिहीन. पण आधी जुन्या गेमवर ते नाव लागू दे. आणि लोकांना ते यानेच सांगायचं. टीव्हीवर.”

प्रज्ञेश हसला, आणि एकटाच हसत असल्याचे लक्षात आल्यावर थांबला. इतक्या वर्षांची कीर्ती त्याच्या चेहऱ्यावरून ओल्या भिंतीच्या रंगासारखी सुटू लागली होती. होकार दिला, तर त्याच्याकडे उरणार होती फक्त कोडी. आणि ती सामान्य आहेत, हे त्याच्याइतके कोणालाच ठाऊक नव्हते.

“सांगशील?” आम्रपालीने विचारले. आवाजात टोमणा नव्हता. आयुष्यात बहुधा पहिल्यांदाच ती त्याच्याकडे काही मागत होती.

प्रज्ञेशने रेकॉर्डिंग बंद करून फोन खिशात टाकला. मग तो वळला. त्याने काचेचे दार ढकलले. ते ओढायचे होते. ओढले, आणि तो लिफ्टकडे चालू लागला.