पायांतून चढणारा नाद

थाळ्यावर टोल पडला आणि पाठमोरा उभा असलेला पोरगा वळला. आठ वर्षांचा, जन्मापासून ठार बहिरा, फळ्यांच्या मंचावर अनवाणी उभा. त्याच्यामागे दहा हातांवर माणसाच्या उंचीचा काशाचा थाळा टांगलेला. समोरच्या दोनशे माणसांनी एकदम श्वास सोडला. पोराचा बाप बसचालक होता. तो तिथेच फतकल मारून लहान मुलासारखा रडायला लागला. खरं सांगतो, क्षणभर मीही चरकलो.

ही जागा पूर्वी कापडाचं गोदाम होती. आता दारावर 'महानाद' अशी पाटी लागली होती. सगळं विश्व म्हणजे एकच अखंड नाद, तारे, दगड, आपली हाडं सगळी त्यावर घुमतात, बहिरं असं कोणी नसतंच, फक्त कुणाकुणाचं घुमणं बंद पडलेलं असतं, अशी या पंथाची शिकवण. ते घुमणं पुन्हा सुरू करून देणारा तो स्वरपिता. पांढरा झगा आणि घोटून घोटून कमावलेला खर्ज. मी धंद्याने लाउडस्पीकर दुरुस्त करतो, त्यामुळे मनातल्या मनात त्याचं नाव भोंगा ठेवलं होतं.

"कानात यंत्र घालता?" भोंगा सांगत होता. "अहो, समुद्र कधी चमच्याने पितात का? यंत्र म्हणजे कानाला मारलेलं बूच. मुलाला नादाच्या हवाली करा. नाद तुमच्या डॉक्टरच्या खापरपणजोबाच्याही आधीचा आहे."

लोक हसले. दाराशी एक टोपली होती. तिच्यात मुलाच्या कानातली यंत्रं कायमची टाकून मगच आत यायचं. चिमीची दोन्ही यंत्रं त्यात गेली, त्याला आठ महिने झाले होते.

चिमी माझी भाची, ताईची लेक. पुढच्या महिन्यात तिला पाच पूर्ण होणार होती. यंत्रं लावूनही तिला जेमतेम धडाम-धुडूम एवढंच कळायचं, म्हणून कानाच्या डॉक्टरीणबाईंनी ऑपरेशन सांगितलं होतं. कानाच्या आत एक बारीक तार बसवायची, ती आवाज थेट ऐकण्याच्या नसेपर्यंत पोचवते. "पण लवकर करा," बाई म्हणाल्या होत्या. "मेंदू बोलणं शिकतो ते याच वयात. वय उलटलं की आवाज पोचतो, पण तो कसला हे मेंदूला उमगत नाही." पहिली तारीख ताईने चुकवली. दुसरी उद्या सकाळी नऊची होती, आणि न आल्यास जागा पुढच्या मुलाला जाईल असं पत्रात स्पष्ट लिहिलं होतं.

ताई जाणार नव्हती. "ती ऐकते," तिचं एकच पालुपद. "दर रविवारी ऐकते. मग माझ्या लेकीचं डोकं कशाला चिरून घेऊ?"

आणि या आठ महिन्यांत मी काय केलं, तर तिची टिंगल. शिकलीसवरलेली बाई, अशी कशी फसतेस, वगैरे. तिने माझ्याशी बोलणं टाकलं, दाजींनी तर केव्हाच हात टेकले होते. आज मी हातापाया पडून एवढंच मागितलं होतं की मला एकदा सोबत ने. वाटेत ती म्हणाली, "तुझ्याकडे मला द्यायला काय होतं रे? डॉक्टरीण म्हणते बघू. तू म्हणतोस मूर्ख आहेस. तो एकटा म्हणाला, ऐकते."

चिमीची पाळी आली. तिचे बूट काढून तिला मंचावर पाठमोरी उभी केली. मी मंचाच्या कडेवर तळवा टेकून उभा होतो. भोंग्याने टोल हाणला आणि माझ्या बोटांत गुरगुर उतरली. दुकानात स्पीकर तपासताना मी त्यावर तळवा ठेवतो, तेव्हा लागते तीच, जाड आणि खालची. थाळा अजून घुमत होता, पण गुरगुर मात्र बटण बंद केल्यासारखी थांबली. चिमी वळली. वळण्याआधी तिने खाली, पायांकडे पाहिलं होतं. ताई धावत वर गेली आणि तिला कवटाळून तिचे पटापट पापे घेतले. चिमी खिदळत होती.

मला सगळं कळलं. फळ्या थरथरल्या की वळायचं. वळलं की आई पापे घेते. पोर हुशार होती, आठ महिन्यांत पक्कं शिकली होती.

"ताई," मी म्हणालो, "तिला कडेवर घे आणि मग वाजवायला सांग."

भोंग्याने ते ऐकलं. "पाय मंचाला लागलेले हवेत. नाद पायांतून चढतो."

"मग कानांचं काय काम?"

"या संशयी माणसाला बाहेर काढा," तो खर्ज न सोडता म्हणाला. दोन सेवकांनी माझे दंड धरले.

ताई माझ्याकडे बघत राहिली. आधी राग होता, मग भीती दिसली. मला वाटतं, घरी चिमीच्या पाठीमागे भांडी वाजवून बघताना तिला हे कधीतरी जाणवलं असणार. तिने चिमीला कडेवर उचललं.

"वाजवा."

"बाई, श्रद्धेची अशी परीक्षा..."

"मी वाजवा म्हणाले."

टोल पडला. माझ्या कानठळ्या बसल्या. चिमी आईच्या स्वेटरचं बटण फिरवत होती, ती फिरवतच राहिली.

"परत वाजवा."

बटण फिरतच होतं.

"परत." ताईचा आवाज फाटला. "जोरात वाजवा ना हो. ती ऐकते. तुम्हीच म्हणालात ती ऐकते."

तिसऱ्या टोलाला चिमीने मान वर केली, ती आईच्या गालावरचं पाणी तिच्या हातावर पडलं म्हणून.

"आईच्या मनात शंका शिरली, तिथे नाद अडला," भोंग्याने सुरू केलं. पण चिमी घसरून खाली उतरली होती. तिला पापे हवे होते. ती मंचाच्या मागच्या कोपऱ्यात पळाली, पालथी पडून तिने एका फळीला गाल लावला आणि तळव्याने थापटून वाट बघू लागली. घरी धुण्याच्या यंत्राशी ती असंच करते. मी हिसडा मारून सुटलो, खिशातला स्क्रू ड्रायव्हर फटीत घातला आणि ती फळी उचकटली. खाली बादलीच्या तोंडाएवढा स्पीकर होता. त्याची वायर पडद्यामागे जात होती आणि तिथे एक सेवक हातात बटण घेऊन बसला होता. ते हिसकावून मी दाबलं. थाळ्याला कोणी हातही लावला नव्हता, तरी मंचाच्या कडेला अजून अनवाणी उभा असलेला बसचालकाचा पोरगा चटकन थाळ्याकडे वळला.

लोकांत गलका झाला. बसचालक उठून माझ्याकडे आला. मला वाटलं, आता हा भोंग्याची गचांडी धरणार. त्याने माझाच हात धरला.

"फळी बसवा," तो हळूच म्हणाला. "माझ्या पोराचं वय निघून गेलं. ऑपरेशनचा आता उपयोग नाही म्हणतात. आम्ही दोन वर्षं इथेच येत होतो. मला दुसरं काही राहिलेलं नाही हो. तेवढी फळी बसवा."

मी बसवली नाही. त्याच्या तोंडाकडेही मला बघवलं नाही.

दुसऱ्या दिवशी नऊला आम्ही दवाखान्यात होतो. ऑपरेशन झालं. काही शब्द येतील, किती ते सांगता येत नाही, असं डॉक्टरीणबाई म्हणतात. ते आठ महिने गेले नसते तर काय झालं असतं, हे ताई मला अजून विचारते. उत्तर आम्हा दोघांनाही ठाऊक आहे.

महानादाला टाळं लागलं. पण असं दुसरं दार कुठेतरी उघडेल, आणि तुम्ही त्याच्यासमोर उभे असाल, तर मी तुम्हाला मूर्ख म्हणणार नाही. ती चूक माझी करून झाली आहे. तुम्ही फक्त एवढं करा. पोराला जमिनीवरून उचला आणि मग त्याच्या पाठीमागे वाजवायला सांगा. ते वळलं नाही तर रडा, पण त्याच दिवशी त्याला कानाच्या डॉक्टरकडे न्या. बसचालकाच्या पोराला वेळेवर कोणी उचललं नाही.