मला आज गालाला लावू नका

मित्रांनो, मी एक जुना स्फटिक आहे आणि मला फार घाई आहे. दातवैद्याने मला पेटीतून काढलं आहे. तो मला फडक्याने पुसतो आहे. पुसून होईपर्यंत जेवढं सांगता येईल तेवढं सांगतो.

जन्म. डोंगराच्या पोटात, अंधारात, थेंबाथेंबाने. आमच्या जातीचे स्फटिक दुखणं पितात. मला सुजलेल्या गालाला लावलं की सगळी कळ माझ्यात उतरते. दाढ निघते आणि खुर्चीतला माणूस छताकडे बघत विचारतो, "काढली का?"

पण दर महिन्याला सात दिवस मला कोरड्या मिठात पुरावं लागतं. मग मी रिकामा होतो, पाण्यासारखा स्वच्छ. खाणीतल्या म्हाताऱ्याने मला विकतानाच बजावलं होतं, "भरला की काळा पडेल. मग कुणाच्या अंगाला लावायचा नाही. फुटला तर आतलं सगळं दुखणं त्या एकाच माणसात शिरेल."

(फडकं फिरतं आहे. माझ्या खालच्या कडेला तडा गेला आहे. वैद्याला तो ओरखडा वाटतो.)

चांगले दिवस. तेव्हा वैद्याची थोरली बहीण मला सांभाळायची. मीठ तव्यावर भाजायची, गार करायची, मला त्यात ठेवायची आणि दाराला कडी लावायची. लोक चिडले की म्हणायची, "तुम्ही झोपता ना घोरत? मग त्यालाही झोपू द्या की!"

मग एका वर्षी गावात फिरता दातवैद्य आला. त्याचा स्फटिक जातीचाच काळा होता. तो महिनाभर राहिला आणि निघून गेला, पण लोकांच्या डोक्यात बसलं की काळा म्हणजे मुरलेला. मला बघून म्हणू लागले, "हा अगदीच कोरा दिसतो. नवशिका आहे वाटतं." माझा मालक मनाला लावून घेणारा. त्याने माझं मीठ बंद केलं. मी धुरकट झालो, मग राखाडी, मग काळाकुट्ट. "आता कसा तयार झालाय!" लोक म्हणाले. एवढं कौतुक माझं कधीच झालं नव्हतं.

बहीण भांडली. "अरे, त्याचा जीव कोंडतोय."

"ताई, दगडाला कसला आलाय जीव?"

तिने मिठाची बरणी उचलली आणि आपल्या खोलीत नेली. याला तीन वर्षं झाली.

पुसून झालं. खुर्चीत कोण बसलं आहे सांगू? तीच.

"तोंड उघड, ताई. मोठं."

"तुझ्याएवढं कसं उघडेल? तू जन्मल्यापासून मिटलंच नाहीस."

तो हसतो आहे. मला उचलतो आहे. मला हात नाहीत, आवाज नाही. फक्त थोडं तापता येतं. मी तापतो आहे. असेल नसेल ते बळ लावून तापतो आहे. पण त्याच्या हातात कातडी हातमोजा आहे.

गाल चार बोटांवर आला. तीन. नको. दोन. मित्रांनो, नको, तिला नको

तिने त्याचं मनगट धरलं.

"हा तापलाय."

"दिव्याजवळ होता."

"दिवा विझलाय, शहाण्या. उजेडात धर त्याला."

खिडकीपाशी तिला तडा दिसला. मग ती खुर्चीत मागे टेकली.

"ठेव तो खाली. काढ दाढ."

"तशीच? तुला सोसणार नाही, ताई."

"नाहीच सोसणार. काढ."

त्या खोलीत तीस वर्षं दाढा निघत होत्या. किंकाळी मी पहिल्यांदा ऐकली. वैद्याने आजवर कुणाला दुखवलंच नव्हतं.

आता मी मिठात आहे. तिनेच बरणी आणून माझ्या पेटीत ओतली. दोन दिवस झाले. तडा वाढलेला नाही, मिटलेलाही नाही. मी वाचेन की नाही, मला ठाऊक नाही.

बाहेर लोहार आला आहे. घण उचलणारा माणूस लहान पोरासारखा रडतो आहे. दारावर थापा मारतो आहे. "माझ्यापुरता तरी काढा हो त्याला!"

"ताई, एकदाच," वैद्य म्हणतो आहे.

तिच्या तोंडात कापूस आहे, तिला बोलता येत नाही. पण मिठाच्या पेटीचं झाकण करकरलं. ती त्यावर येऊन बसली आहे.

मित्रांनो, मला त्या लोहाराकडे जावंसं वाटतं. मला दुसरं काही येतच नाही. पण मला बाहेर काढू नका. तुमच्यापैकी कुणीतरी जा. मोठं काही करू नका, नुसता त्याचा हात धरून बसा. तो तुमची बोटं चुरगाळेल. चुरगाळू द्या. अजून पाच दिवस आहेत.